वैतरणा : माथ्यापासून दर्यापर्यंत

मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यातली गोष्ट. मोखाडा तालुक्यातले एक वारली शेतकरी डोळे तपासून घ्यायला मुंबईला आले होते. मुक्काम आमच्या घरी, जुहूच्या कोळीवाड्यात. सकाळी नळाला पाणी आलं. आईनं हंडे-कळश्या भरल्या, पिंप भरलं, ओटा धुतला, मासळीच्या पाट्या धुतल्या. पाहुणे उंबऱ्यावर बसून बघत होते. मग उठले, नळाखाली हात धरला, ओंजळभर पाणी प्यायले आणि मला म्हणाले, "साहेब, हे पाणी कुठलं?"

मी सांगितलं, "वैतरणेचं. तुमच्या पाड्याच्या खालच्या अंगाला धरण आहे ना, तिकडचंच."

ते काही बोलले नाहीत. नळ चालूच होता. त्यांनी तो हळूच बंद केला आणि विचारलं, "एवढ्या लांब इथं पोचतं, मग आमच्याकडं वर का नाही चढत?"

वाचकहो, कृषी विस्तार अधिकारी म्हणून मी शेकडो सभांत बोललो आहे. पाणी अडवा, पाणी जिरवा हे तर झोपेतही म्हणून दाखवीन. पण त्या सकाळी मला पटकन उत्तर सुचलं नाही. मी जुहूचाच. बाप आणि आजा दर्यावर जाणारे. मी कृषी पदविका केली आणि नोकरी लागली ती थेट वैतरणेच्या खोऱ्यात. त्यामुळं ज्या नदीचं पाणी मी लहानपणापासून प्यालो, तिच्या काठावरची तहान मला वयाच्या पंचविशीत पहिल्यांदा दिसली. आज त्या नदीविषयीच लिहायचं आहे.

एक नदी, चार धरणं

वैतरणा ही उत्तर कोकणातली सर्वांत मोठी नदी. उगम नाशिक जिल्ह्यात, त्र्यंबकच्या डोंगररांगेत. गोदावरीही तिथलीच. एकाच डोंगरातल्या या दोन लेकी. एक पूर्वेला निघाली आणि सुमारे १,४६५ किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला मिळाली. दुसरी पश्चिमेला वळली, सह्याद्रीचा कडा उतरली आणि सुमारे दीडशे किलोमीटरमध्येच अर्नाळ्याजवळ अरबी समुद्रात गेली. वाटेत तिला पिंजाळ, गारगाई, देहर्जे, सूर्या, तानसा अशा नद्या मिळतात. पुराणातल्या वैतरणीचं आणि हिचं नाव सारखं. मेल्यावर जी ओलांडायची ती वैतरणी, असं आपण कीर्तनात ऐकतो. पण ही वैतरणा जित्या माणसांची आहे. किती माणसांची, ते आता बघू.

मुंबईला पाणी देणारे सात तलाव आहेत. त्यांतले चार या एकाच खोऱ्यातले. तानसा धरण १८९२ साली पुरं झालं. मोडक सागर १९५७ साली. मुंबई महापालिकेचे अभियंता मोडक यांचं नाव त्या तलावाला दिलेलं आहे. ऊर्ध्व वैतरणा १९७३ साली आणि मध्य वैतरणा २०१४ साली. सातही तलाव काठोकाठ भरले की साठा होतो १४ लाख ४७ हजार दशलक्ष लिटर. त्यात या चार तलावांचा वाटा ६ लाख ९४ हजारांच्या पुढं जातो. म्हणजे मुंबईच्या साठ्यातला जवळजवळ निम्मा हिस्सा वैतरणा आणि तिची बहीण तानसा यांचा.

आता रोजचा हिशोब. मुंबईला दिवसाला ३,८०० ते ४,००० दशलक्ष लिटर पाणी लागतं. हा आकडा वाचून काही डोळ्यांपुढं येत नाही. म्हणून आपल्या टँकरच्या भाषेत सांगतो. दहा हजार लिटरचा एक टँकर धरला, तर रोज जवळजवळ चार लाख टँकर! आणि वरच्या पाड्यावर एक टँकर दोन दिवस उशिरा आला तर काय होतं, ते आपल्याला सांगायला नको.

पाणी खाली जातं, वर चढत नाही

पाहुण्यांच्या प्रश्नाचं सरळ उत्तर उताराचं आहे. ऊर्ध्व वैतरणेतून सोडलेलं पाणी नदीच्याच पात्रातून मध्य वैतरणेत येतं, तिथून मोडक सागरात. मोडक सागर मुंबईपेक्षा बराच उंचावर आहे. तिथून जलवाहिनी आणि बोगद्यांतून पाणी आपल्या आपण उतारानं मुंबईकडं जातं. भांडुपला ते शुद्ध होतं आणि पुढं उपनगरांत वाटलं जातं. ब्रिटिशांच्या काळापासून शहराला तानसा परवडली ती याच कारणानं. पंप लावावा लागत नाही, निसर्गच हमाली करतो.

पाड्यांचं उलट आहे. धरणाचं पाणी खोल दरीत आणि पाडे वर पठारावर. मोखाड्यात वर्षाला दोन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. पण खाली काळा कातळ, वर वीतभर माती. पावसाळ्यात पाणी धो धो वाहून जातं आणि मार्चपासून विहिरी तळ गाठतात. मग बाया उतार उतरून नदीच्या पात्रात झिरे उकरतात, वाटीवाटीनं हंडा भरतात आणि चढ चढून घरी येतात. आमच्या पाहुण्यांच्या पाड्यावर नळयोजनेची टाकी आहे, पाइपही आहे. पाणी मात्र एका उन्हाळ्यापुरतं आलं. नंतर पंप जळला, विजेचं बिल थकलं, आणि कुणी कुणाकडं जायचं हे ठरेपर्यंत पाऊस आला.

जलजीवन मिशनमध्ये खेड्यातल्या माणसाला दिवसाला ५५ लिटर पाणी धरलं आहे. शहराचं नियोजन करताना माणशी १३५ लिटर धरतात. शहराला पाणी देऊ नये असं कुणीच म्हणत नाही. आमची आई काय, इथला हमाल, मोलकरीण, रिक्षावाला काय, सगळे तेच पाणी पितात आणि त्यांतले कित्येक आपल्याच तालुक्यांतून पोटासाठी आलेले आहेत. पण ज्याच्या अंगणातून पाणी जातं त्याचा घसा आधी ओला व्हावा, एवढी माणुसकी हिशोबात बसायला हरकत नाही. उतारानं जे पाणी फुकट शहरात पोचतं, त्यातल्या वाचलेल्या विजेच्या पैशातला लहानसा वाटा वरच्या पाड्यांच्या पंपाला आणि दुरुस्तीला कायमचा बांधून दिला, तर पाणी वर चढायला अडचण नाही.

नदीवर पोसलेली शेती

नदी म्हणजे फक्त धरण नव्हे. माथ्यावर मोखाडा, जव्हारकडं नागली, वरई, खुरासणी ही उताराची पिकं. खाली वाड्याकडं भाताची खाचरं. वाडा कोलम तांदळाला २०२१ साली भौगोलिक मानांकन मिळालं, त्या तांदळाचा तालुका वैतरणेच्याच खोऱ्यात येतो. नदीकाठच्या गाळाच्या जमिनीत भातानंतर ओलीवर वाल आणि हरभरा होतो. जव्हार, विक्रमगड भागात अलीकडं मोगरा आला आहे. मोगऱ्याला पाणी बेतानंच लागतं, पण ते वेळेवर लागतं. जिथं नाल्याला दिवाळीनंतरही धार राहिली, तिथला शेतकरी वीटभट्टीवर स्थलांतर करत नाही. हे मी कागदावरून नाही, घरांना लागलेली कुलुपं मोजून सांगतो.

त्याहून खाली आलं की नदीचं आणखी एक काम दिसतं. ते डोळ्यांना चटकन दिसत नाही. खाडीत भरतीचं खारं पाणी आत शिरतं. नदीचं गोडं पाणी समोरून येत असतं, ते खाऱ्याला रेटून धरतं. गोडं पाणी कमी झालं की खारं पाणी वर सरकतं, जमिनीखालूनही सरकतं. मग काठच्या विहिरी मचूळ होतात, भाताची खाचरं खारवतात. खाडीतली रेती बेसुमार उपसली की पात्र खोल होतं आणि खाऱ्या पाण्याला वाट आणखी मोकळी होते. म्हणजे वरच्या माणसानं पाणी पुरं अडवलं आणि खालच्यानं रेती पुरी काढली, तर मधल्या शेतकऱ्याच्या बांधावर मीठ येतं.

सूर्या नदीचाही धडा आहे. धरण बांधलं ते शेतीच्या सिंचनासाठी. पुढं शहरं वाढली आणि पाण्याचा मोठा हिस्सा वसई-विरार, मीरा-भाईंदरकडं गेला. कालव्याच्या शेवटच्या टोकाचा शेतकरी पाण्याची वाट बघत राहिला. शहर वाढतं तसं पाणी ओढतं. म्हणून वाटणी आधीच लिहून ठेवावी लागते.

"दर्याला पानी नको काय?"

आता माझ्या चुकीची गोष्ट. त्या सकाळी चहा पिताना मी पाहुण्यांना समजावत होतो. म्हटलं, "पावसाळ्यात लाखो लिटर पाणी समुद्राला वाया जातं. ते सगळं अडवलं तर तुम्हालाही पुरेल आणि मुंबईलाही." हे वाक्य मी नोकरीतल्या पहिल्या दिवसापासून बोलत आलो आहे. आई ओट्यावर मांदेली साफ करत होती. तिनं मान वर न करता विचारलं, "वाया? आरं बाला, दर्याला पानी नको काय? नदीचा पानी आला नाय त म्हावरा खाईल काय?"

मी हसून सोडून देणार होतो. पण पाहुणे म्हणाले, "आई बोलतात ते खरं आहे. आमच्याकडंही आता चढणीचे मासे पहिल्यासारखे येत नाहीत."

चौथी शिकलेली कोळीण आणि शाळा न पाहिलेला शेतकरी, दोघं एकच गोष्ट सांगत होते. मी मागाहून वाचून काढलं, तेव्हा कळलं की शास्त्रही तेच सांगतं. पावसाळ्यात नदी समुद्रात नुसतं पाणी नेत नाही. ती जंगलातला पालापाचोळा, गाळ आणि मातीतलं खत नेते. त्यावर समुद्रातलं सूक्ष्म शेवाळ वाढतं, त्यावर जवळा आणि बारीक मासळी, आणि त्यावर मोठी मासळी. आपण पिकाला खत देतो, तसं नदी दर्याला देते. दरवर्षी १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. त्याच महिन्यांत हे खत दर्यात पडत असतं, आणि नारळी पौर्णिमेनंतर होड्या निघतात त्या या पिकाच्या कापणीला.

जुहू काही वैतरणेच्या मुखाशी नाही. मुख उत्तरेला, अर्नाळ्याकडं. पण मासळीला तालुक्याची हद्द ठाऊक नसते. बोय, जिताडा, कोळंबी यांची पिल्लं खाडीच्या तिवरांत, कमी खारट पाण्यात वाढतात आणि मोठी होऊन किनाऱ्यानं पसरतात. गोड्या पाण्यातली मोठी कोळंबी तर अंडी सोडायला खाडीच्या मचूळ पाण्यात उतरते आणि तिची पिल्लं पुन्हा नदीनं वर चढतात. वाम दर्यात जन्मते आणि नदीत वाढते. पहिल्या पावसात खाचरात, ओहोळात चढणारे वलगणीचे मासे आपण सगळ्यांनी खाल्ले आहेत. मध्ये भिंत आली की या जिवांचा रस्ता तुटतो.

जगात याचा मोठा दाखला नाइल नदीचा आहे. इजिप्तमध्ये आस्वानचं उंच धरण १९६४ पासून पाणी अडवू लागलं आणि १९७० साली पुरं झालं. शेतीला पाणी मिळालं, वीज मिळाली, फायदा झालाच. पण नदीचा पूर समुद्रात जायचा थांबला. तिथल्या किनाऱ्यावर १९६२ साली तारलीच्या जातीची मासळी सुमारे १८ हजार टन मिळाली होती. १९६८ पर्यंत ती हजार टनांच्याही खाली आली. गाळ येईनासा झाला, तसा मुखाजवळचा किनाराही झिजू लागला. धरण वाईट असं यातून सिद्ध होत नाही. पण "वाया जाणारं पाणी" हा शब्द मात्र चुकीचा ठरतो. त्या दिवसापासून मी तो सभेत वापरायचा बंद केला.

जंगल राहिलं तर तलाव राहील

तानसा तलावाभोवती अभयारण्य आहे, १९७० पासूनचं. साग, ऐन, बांबू, आणि आत बिबट्या. रानपिंगळा नावाचं एक दुर्मिळ घुबड शंभराच्या वर वर्षं कुणाला दिसलं नव्हतं. ते १९९७ साली खानदेशात पुन्हा सापडलं आणि २०१४ साली तानसाच्या जंगलातही आढळलं. घुबडाचं आपल्याला काय, असं कुणी म्हणेल. पण ज्या जंगलात घुबडाला पोकळ झाड मिळतं, त्याच जंगलात पावसाचं पाणी झिरपून हळूहळू तलावात उतरतं. जंगल तुटलं की पाण्याआधी माती तलावात येते आणि तलाव गाळानं भरतो. मुंबईकरांनी हे ध्यानात ठेवलं पाहिजे.

आता गारगाई नदीवर वाडा तालुक्यात ओगदे गावाजवळ मुंबईसाठी आणखी एका धरणाची योजना आहे. त्यातून दिवसाला ४४० दशलक्ष लिटर पाणी मिळणार आहे. त्यासाठी अभयारण्यातलं जंगल बुडेल आणि सहा गावांना घरं सोडावी लागतील. शहराची गरज खोटी नाही. पण एवढी किंमत मोजण्याआधी शहरात गळणारं आणि वापरून फेकलेलं पाणी किती वाचतं, हा हिशोब पुढं ठेवायला हवा. शेतकरी नवीन विहीर खणण्याआधी जुनीचा गाळ काढतो, तसंच हे.

जुहूला पोचलेली नदी

संध्याकाळी पाहुण्यांना चौपाटीवर नेलं. त्यांनी समुद्र पहिल्यांदाच पाहिला. बराच वेळ उभे राहिले. परतताना इर्ला नाल्यावरून आलो. काळं पाणी, नाकाला रुमाल. त्यांनी विचारलं, "ही कुठली नदी?" आईच्या बोलण्यानं माझे कान तयार झाले होते. मी म्हटलं, "हीसुद्धा थोडीफार वैतरणाच. सकाळी नळाला आली होती ती."

खरं आहे ते. आपली नदी दर्याला मिळते, पण अर्धीमुर्धी अशी मिळते, नाल्यातून, मैला घेऊन. अर्नाळ्याला जे खत म्हणून उतरायचं, ते इथं विष होऊन उतरतं. शहराच्या स्वतःच्या नद्यांचीही तीच गत. मिठी, ओशिवरा, पोयसर, दहिसर या नद्याच, पण लोक त्यांना नाला म्हणू लागले आणि मग नाल्यासारखं वागवू लागले. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, तेव्हा मिठीनं आपली जागा परत मागितली. पात्र अरुंद करून ठेवलेलं होतं, पाणी माणसांच्या घरांत शिरलं.

मुंबईत मलजल शुद्ध करणाऱ्या सात नव्या केंद्रांची पायाभरणी जानेवारी २०२३ मध्ये झाली. सगळी मिळून क्षमता सुमारे २,४६० दशलक्ष लिटर. त्या पाण्याचा चांगला वापर झाला, बागांना, बांधकामाला, कारखान्यांना ते दिलं, तर तेवढं वैतरणेचं पाणी वाचेल. गारगाईच्या ४४० शी हा आकडा ताडून बघा.

आपल्या हातातली कामं

पाणलोटाच्या प्रशिक्षणात आम्हाला शिकवतात, "माथा ते पायथा". आधी डोंगरावर काम, मग खाली. मी आता त्यात एक शब्द वाढवला आहे : माथा, पायथा आणि दर्या. गावात बसून काय करता येईल, ते थोडक्यात सांगतो.

पहिलं म्हणजे पाणी अडवायचं ते मुरवण्यासाठी. माथ्यावर समतल चर, उताराला दगडी बांध आणि पाऊस संपता संपता, धार अजून चालू असतानाच, रिकाम्या सिमेंटच्या गोण्यांत माती-रेती भरून वनराई बंधारे. गोण्या चिकणमातीनं नीट लिंपा, नाहीतर बंधारा चाळणी होतो. असं मुरलेलं पाणी उन्हाळ्यात झऱ्यानं बाहेर येतं आणि नदीलाही मिळतं.

दुसरं, नदीतले डोह जपा. उन्हाळ्यात माणूस, गुरं, पाखरं आणि माशांचं बियाणं, सगळी डोहावर जगतात. त्यात सुरुंग उडवणं, विष टाकणं हा गुन्हा तर आहेच, शिवाय पुढच्या वर्षाचं बी भाजून खाणं आहे. वलगणीच्या पहिल्या पंधरवड्यात ओहोळाला आडवं जाळं पूर्ण लावू नका. अर्धी वाट मोकळी ठेवा.

तिसरं, काठावर करंज, जांभूळ, उंबर, वाळुंज राखा. काठाची माती धरून ठेवणारं याहून स्वस्त काम नाही.

चौथं, मागणी करा. केंद्र सरकारनं २०१८ साली गंगेत किमान किती पाणी वाहतं ठेवायचं, ते ठरवून दिलं. वैतरणेतही धरणाखाली बारमाही धार राहावी, असा ठराव काठच्या ग्रामपंचायतींनी करावा. आणि धरणालगतच्या पाड्यांना पिण्याचं पाणी आधी, हे लेखी मागावं. तोंडी मागणी वाऱ्यावर जाते.

पाहुणे दुसऱ्या दिवशी निघाले. आईनं सुकी मांदेली आणि जवळा बांधून दिला. म्हणाली, "भाऊ, पाऊस लागला का नदीला सांगा, इकडं लवकर ये." ते हसले. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात त्यांचा फोन आला. ओहोळाला पाणी आलं होतं आणि थोडे का होईना, मासे चढले होते. या वर्षी त्यांनी जाळं अर्धंच लावलं होतं.

१५ ऑगस्टच्या ग्रामसभेला मी हजर होतो. त्यांनी उठून तोच प्रश्न विचारला, जो जुहूला नळाजवळ विचारला होता. ग्रामसेवकांनी तो इतिवृत्तात लिहून घेतला : धरणाचं पाणी मुंबईला पोचतं, ते पाड्यावर का चढत नाही? खाली पंचावन्न जणांच्या सह्या आणि अंगठे आहेत. उत्तर यायचं आहे. तोवर दर महिन्याला आठवण करून द्यायचं काम माझ्याकडं आहे, आणि मी ते सोडणार नाही.